कापलेलं हसू

झेनोन विल्चाकनं आपल्या बायकोला कात्री धरायला शिकवलं होतं, आणि ही गोष्ट तो आयुष्यभर कुणाला ना कुणाला सांगत राहिला. सुरुवातीला त्या सांगण्यात कौतुक असायचं. कौतुक कधी आटलं आणि त्याच शब्दांना कडवट चव कधी आली, ते त्याचं त्यालाही कळलं नाही.

लुद्विका स्टुडिओत आली तेव्हा विशीचीही नव्हती. तिची आई, तेओफिला, सूतगिरणीत कामाला होती. पोलंडमधल्या वूज शहरातल्या अर्ध्या बायका तिथेच असत. लेकही तिथेच चिकटायची, पण कापसाच्या धुरळ्यानं तिची छाती भरायला लागली, म्हणून ओळखीच्या कुणीतरी तिला चित्रपटाच्या स्टुडिओत फिती जोडायच्या कामावर लावून दिलं. सूत जोडायचं काय नि फीत जोडायची काय, असं तेओफिला म्हणाली होती. झेनोन तेव्हा स्टुडिओतला सगळ्यात भरवशाचा संकलक होता. विनोदी चित्रपट त्याच्याकडेच जायचे. झेनोनच्या टेबलावर गेलेला विनोद कधी मरून परत येत नाही, असं दिग्दर्शक म्हणायचे, आणि ते खरंही होतं. थेटरात माणसं कुठे हसतील आणि हसून कधी थांबतील, हे त्याला आपल्या नाडीसारखं ठाऊक असायचं.

त्यानं तिला पांढरे हातमोजे घालून फीत धरायला शिकवलं, उजेडासमोर धरून चेहरा वाचायला शिकवलं. नट बोलतो ते ऐकू नकोस, त्याच्या पापण्या बघ, पापणी मिटली की त्याचा विचार संपला, तिथे कात्री लाव, असं तो सांगायचा. पोरगी एकदा सांगितलेलं दुसऱ्यांदा विचारत नसे. वर्षभरात त्यांनी लग्न केलं. पुढे ती स्वतंत्र संकलक झाली तेव्हा स्टुडिओनं तिला त्याच्या शेजारचीच खोली दिली. मधली भिंत पातळ होती. पलीकडे फीत मागेपुढे पळण्याचा आवाज यायचा, आणि झेनोन इकडे स्वतःशीच हसत म्हणायचा, चाललंय आमचं पाखरू.

मग सेवेरिन आला.

सेवेरिन म्हणजे फिल्म स्कूलमधून नुकताच बाहेर पडलेला, लांब हातापायांचा, कोटाची बटणं कायम चुकीच्या काजात घालणारा तरुण दिग्दर्शक. त्याला पहिला चित्रपट मिळाला होता आणि तो संकलक शोधतोय, ही बातमी झेनोनच्या कानावर आली होती. एका सकाळी तो झेनोनच्या दारात उभा राहिला. झेनोननं उठून खुर्चीवरचे डबे उचलले, रुमालानं खुर्ची पुसली आणि ती पुढे सरकवली.

सेवेरिन बसला नाही. "माफ करा हं झेनोनसाहेब, लुद्विकाबाई इथेच बसतात ना?"

"पुढचं दार," झेनोन म्हणाला.

पुसलेली खुर्ची तशीच राहिली. त्या दिवशी झेनोन तिच्यावर बसला नाही की तिच्यावर डबेही परत ठेवले नाहीत.

त्या पहिल्या चित्रपटाला परदेशातल्या एका महोत्सवात बक्षीस मिळालं. मासिकात लुद्विकाचा फोटो आला, हातमोजे घातलेला. स्टुडिओच्या फाटकावरचा पहारेकरी, ज्याला झेनोन पंधरा वर्षं रोज नमस्कार करत होता, तो एका नव्या माणसाला सांगत होता, "हे आमच्या लुद्विकाबाईंचे यजमान." झेनोननं ऐकलं आणि टोपी खाली ओढून तो आत गेला. मनात आलं, नाव सांगायला याच्या बापाचं काय जात होतं?

सेवेरिनचा दुसरा चित्रपट साहजिकच लुद्विकाकडे गेला. तेव्हा आलोयझी नावाचा एक ध्वनिमुद्रक स्टुडिओत होता, झेनोनचा जुना दोस्त. माणूस वाईट नव्हता, पण काडी टाकून गंमत बघायची त्याला सवय. तो कँटीनमध्ये म्हणाला, "झेनेक, तुझी बायको आणि तो ताडमाड पोरगा, दिवसभर दार लावून काय करतात रे?" सगळे हसले. झेनोनही हसला. पण त्या दिवसापासून त्याचं कान लावून बसणं सुरू झालं.

भिंतीपलीकडून बोलण्याचा आवाज कमीच यायचा. तेच ते एक वाक्य पुन्हा पुन्हा यायचं, कुठल्याशा नटीचं, आणि मग बराच वेळ काहीच नाही. हे 'काहीच नाही' झेनोनला फार छळायचं. न राहवून एकदा तो चिकटपट्टी मागायच्या निमित्तानं आत शिरला. दोघं टेबलापाशी बसले होते, मध्ये हातभर अंतर. कुणी कुणाकडे बघत नव्हतं. दोघांचे डोळे त्या वहीएवढ्या पडद्यावर होते. झेनोन आला हे त्यांना समजलंच नाही. त्यानं खोकून चिकटपट्टी मागितली, लुद्विकानं न बघताच हात लांब करून दिली.

तिनं त्या पोराचा हात धरलेला असता तर झेनोनला बरं वाटलं असतं. भांडता आलं असतं, दार आपटता आलं असतं, सासूला सांगता आलं असतं. पण ती ज्या नजरेनं त्या पडद्याकडे बघत होती त्या नजरेबद्दल कुणाकडे तक्रार करायची? ती नजर त्यानंच तिला दिली होती. आणि इतकी वर्षं शेजारी झोपूनही ती नजर त्याच्या वाट्याला कधी आली नव्हती.

घरी लुद्विका गप्प असायची. चमचा हातात धरून सूप निवेपर्यंत कुठेतरी बघत बसायची. एका संध्याकाळी तिनं आपणहून विषय काढला. चित्रपटात एक आई आहे, आडगावच्या स्टेशनवर मुलाची वाट बघतेय. मुलगा कितीतरी वर्षांनी तुरुंगातून सुटून येतोय. गाडी येते, जाते, फलाटावर एक माणूस उरतो. आई त्याच्याकडे बघते, आणि ओळख पटायला तिला वेळ लागतो. मग हसते. नटीनं जीव ओतलाय, पण प्रसंग कुठे संपवावा ते कळत नाही, असं लुद्विका म्हणाली.

"तू कुठे संपवशील, झेनेक?"

झेनोनला उत्तर ठाऊक नव्हतं, पण तिनं विचारलं यानं त्याला बरं वाटायला हवं होतं. त्याऐवजी तोंडून निघालं ते असं, "आम्ही पडलो हसवणारे. ती मोठी कला आम्हाला कुठली कळायला? तुझ्या दिग्दर्शकाला विचार."

लुद्विकानं त्याच्याकडे क्षणभर पाहिलं, आणि सूप गरम करायला उठून गेली. त्यानंतर तिनं घरी कामाचा विषय काढला नाही. हाही झेनोननं तिचाच गुन्हा धरला. बघा, आता आपल्याला सांगतसुद्धा नाही.

पुढच्याच आठवड्यात सेवेरिन वॉर्सॉला गेला होता. दुपारी लुद्विका बाकीच्यांबरोबर जेवायला गेली. झेनोननंही ताट घेतलं, बटाट्याच्या गोळ्यांवर रस्सा वाढून घेतला, आणि चष्मा विसरलो म्हणत उठला. चष्मा खिशातच होता.

तिच्या खोलीला कुलूप नव्हतं. कुणाच्याच खोलीला नसायचं. रीळ टेबलावर चढवलेलंच होतं. त्यानं हातमोजे घातले आणि फीत चालू केली.

काहीतरी खोट सापडेल अशी त्याला आशा होती. नव्या पोरांच्या चित्रपटात असते तशी, नुसतं आभाळ दाखवायचं, नुसता रस्ता दाखवायचा. पण तसं काही नव्हतं. आई फलाटावर आली, बाकावर बसली, उठली, पदराखाली झाकलेल्या भाकरीसारखी जपून आणलेली पुरचुंडी तिनं दुसऱ्या हातात घेतली. दोन तुकड्यांमधला सांधा कुठे येतो ते झेनोनला शोधावं लागत होतं. त्याला! जो दुसऱ्याचा चित्रपट बघताना सांधे मोजत बसायचा. गाडी निघून गेली, बाईचा चेहरा पडद्यावर आला आणि राहिला. पापणी मिटली. त्यानं शिकवल्याप्रमाणे तिथे कात्री यायला हवी होती. आली नाही. चेहरा राहिला, आणखी राहिला, आणि ज्या वेळी आता हे फार होतंय असं वाटावं, नेमकं त्याच वेळी ती बाई हसली.

झेनोननं फीत मागे नेऊन ते हसू पुन्हा पाहिलं. आणि पुन्हा पाहावंसं वाटलं म्हणूनच त्याला भयंकर राग आला. आपण इतक्या वर्षांत हजारो माणसांना हसवलं, पण असं एक हसू आपल्या टेबलावरून कधी गेलं नाही. आणि हिला ते जमलं, आपल्याला न विचारता, आपला नियम मोडून.

पुढचं त्यानं विचार करून केलं असं म्हणता येणार नाही, पण हातांनी चूक केली नाही. चिकटपट्टी सोडवली, हसू सुरू होण्याआधीच फीत कापली, हसऱ्या चेहऱ्याचा तुकडा बाजूला काढला. आवाजाच्या फितीतूनही तेवढंच काढलं. मोजे काढून दोन्ही टोकं जोडली. निघालेला तुकडा टेबलाशेजारी लोंबत असलेल्या शेकडो तुकड्यांत अडकवून दिला. गवताच्या गंजीत काडी. मग कँटीनमध्ये जाऊन त्यानं गार झालेले बटाट्याचे गोळे खाल्ले.

"सापडला का चष्मा?" आलोयझीनं विचारलं.

"सापडला."

तो वाट बघत राहिला. आज ती रडत येईल, उद्या चिडून येईल, कुणाला तरी बोलेल. काही झालं नाही. लुद्विका कामाला जायची, यायची, सूप करायची. भिंतीपलीकडे फीत मागेपुढे पळत राहिली. तिला समजलंच नाही असं झेनोननं ठरवून टाकलं, आणि त्याला दोन गोष्टी एकदम वाटल्या. एक म्हणजे सुटलो. दुसरी म्हणजे, एवढी मोठी संकलक, आणि हे समजू नये?

नोव्हेंबरात चित्रपट लागला. पहिल्या खेळाला झेनोन नवा टाय बांधून बायकोशेजारी बसला. स्टेशनचा प्रसंग आला तेव्हा त्यानं टायची गाठ सैल केली. गाडी गेली. बाईचा चेहरा आला. राहिला. आणि हसू आलंच नाही. आता येईल, आता येईल म्हणेपर्यंत पडद्यावर मुलाची पाठ आली, ती हळूहळू वळायला लागली. सगळ्या थेटरात कुणी खोकलंसुद्धा नाही. मागच्या रांगेत एक पुरुष नाक शिंकरत होता. न दिसलेलं हसू प्रत्येकानं आपापलं पाहिलं होतं.

झेनोन ताठ झाला. तो जी गोष्ट बिघडवायला गेला होता ती उभी राहिली होती.

वर्तमानपत्रात परीक्षण आलं ते त्यानं ट्राममध्ये उभ्यानं वाचलं. लिहिणाऱ्यानं त्या प्रसंगावर अर्धा रकाना खर्च केला होता. आईला हसू न देण्याचं धैर्य ज्या संकलकाकडे आहे तिला आमचा सलाम, असं शेवटी म्हटलं होतं. झेनोनचा थांबा मागे राहिला. आतापर्यंत तो बायकोच्या कामावर जळत होता, आता त्याला स्वतःच्याच कामाचा हेवा करायची पाळी आली. चोरी केली आपण, आणि साव ठरली ती. बोलावं तर स्वतःच्या तोंडानं चोरी कबूल करायची, न बोलावं तर आयुष्यातली सगळ्यात चांगली कात्री दुसऱ्याच्या नावावर. महिनाभर त्याला अन्न गोड लागलं नाही.

डिसेंबरात झेनोनचा नामदिन, म्हणजे त्याच्या नावाच्या संताचा दिवस. वाढदिवस पोराटोरांचे, मोठ्या माणसाचा नामदिन. रविवारी दुपारी माणसं आली. तेओफिला सकाळपासूनच येऊन बसली होती, तिनं खसखशीचा केक आणला होता. टेबलावर तेलातली हेरिंग मासळी, आंबवलेल्या कोबीचं बिगोस, काकड्या, व्होडका. आलोयझी आला. आणि लुद्विकानं बोलावल्यामुळे सेवेरिनही आला, हातात झेनोनसाठी कार्नेशनची फुलं आणि कोटाची बटणं चुकलेली.

दोन-तीन पेले होईपर्यंत ठीक चाललं होतं. तेओफिलानं चित्रपट पाहिला होता. ती म्हणाली की गिरणीतल्या सगळ्या बायका रडल्या, आणि मग झेनोनकडे वळून म्हणाली, "जावईबापू, तुमच्या चित्रपटांतही मी रडते हो. हसून हसून." सगळे हसले. म्हातारीच्या मनात काही नव्हतं.

मग सेवेरिन उठून उभा राहिला. पेला वर धरून म्हणाला, "झेनोनसाहेबांच्या नावानं. आमच्या गुरूच्या गुरूच्या नावानं. खरं सांगू का, ते हसू काढायला मी तयार नव्हतो. आठवडाभर भांडलो. पण लुद्विकाबाई ऐकतात होय? म्हणाल्या, मला समजलंय, हे काढायचंच. आज मी—"

"तो कट माझा आहे," झेनोन म्हणाला.

सेवेरिनचा पेला तसाच वर राहिला. आलोयझीला वाटलं विनोद आहे, त्यानं हसायला तोंड उघडलं आणि मिटलं.

"ते हसू मी काढलं. तुम्ही वॉर्सॉला होता, ही जेवायला गेली होती. या हातांनी कापलं. विचारा हिला. नाही, हिला काय विचारता, आधी कुणी कापलं याचा हिला पत्ताच नाही."

सगळ्यांनी लुद्विकाकडे पाहिलं. ती काकड्यांची बशी हातात घेऊन उभी होती. तिनं बशी खाली ठेवली.

"मला त्याच दुपारी कळलं, झेनेक," ती शांतपणे म्हणाली. "तू पट्टी लावून अंगठ्याच्या नखानं दोनदा घासतोस. सांध्यावर रेघ उठते. तसा सांधा सबंध स्टुडिओत दुसरा कुणी करत नाही."

झेनोननं आपल्या अंगठ्याकडे पाहिलं.

"रागानं कापलं होतंस. चेहरा अर्धवट तुटत होता, बघताना डोळ्यांना धक्का बसत होता. मी तो तुकडा शोधला आणि परत लावला. त्याच दिवशी. पण मग पुढे रोज बघताना मला ते हसू टोचायला लागलं. ते नको, हे तुझ्यामुळे कळलं. तेवढं तुझं आहे. ते मी कुणालाही सांगेन. पण पडद्यावर जो कट आहे तो तुझा नाही. मी चेहरा आणखी लांबवला, आणि ओठ हलायच्या आधी मुलाच्या पाठीवर गेले. तो मुलाची पाठ असलेला तुकडा तू पाहिलाही नव्हतास."

झेनोनला आठवलं. थेटरात पाठ आली होती. त्यानं कापलेल्या ठिकाणी पाठ नव्हती, रिकामा फलाट होता. हे इतक्या वेळा मनात घोळवलेलं दृश्य, आणि पाठ त्याच्या ध्यानातच आली नव्हती. त्याला फक्त आपली कात्री दिसली होती.

तेओफिलानं केक कापायला घेतला, कारण कुणीतरी काहीतरी करायला हवं होतं. माणसं लवकर उठली. सेवेरिननं जाताना झेनोनचा हात हातात घेऊन दाबला. आलोयझीनं पहिल्यांदाच काडी टाकली नाही.

स्वयंपाकघरात लुद्विका पेले धूत होती. खिडकीतून अजून थोडा उजेड येत होता. झेनोन फडकं घेऊन शेजारी उभा राहिला.

"तेव्हाच का नाही बोललीस?"

"तू सांगशील म्हणून थांबले होते. रोज थांबत होते." तिनं पेला त्याच्या हातात दिला. "मला कापल्याचा राग नाही आला. कापलेलं परत जोडता येतं. मी तुला विचारलं होतं ना, कुठे संपवशील म्हणून? तेव्हा तू सांगितलं नाहीस. आणि मग चोरून येऊन कात्रीनं सांगितलंस. असं कोण सांगतं रे?"

"मला जळायला होत होतं, लुद्का."

"माहीत आहे मला. भिंत पातळ आहे. तुझ्या टेबलावरची फीत थांबायची तेव्हा तू कान लावून बसलेला असायचास."

पेला पुसून कोरडा झाला होता तरी झेनोन पुसतच राहिला.

दुसऱ्या दिवशी लुद्विकानं स्टुडिओकडे कुलूप मागितलं. कारण सांगितलं नाही, पण सगळ्यांना कारण ठाऊक होतं. त्या दाराला कुलूप बघून झेनोनला जे झालं ते कुठल्याही परीक्षणानं झालं नव्हतं. वसंत ऋतूत त्यानं बदली मागून घेतली, आणि शाळांसाठी माहितीपट बनवणाऱ्या दुसऱ्या विभागात गेला. तिथे बिटाच्या किडीवर आणि गिरणीतल्या अपघातांवर लहान लहान फिती असायच्या. पोरं कंटाळायची ती झेनोन आल्यापासून कंटाळेनाशी झाली, असं एका शिक्षकानं कळवलं होतं. हे त्यानं घरी सांगितलं नाही. लुद्विकाला दुसरीकडून समजलं.

लग्न मोडलं नाही. ते मोडण्याइतकं कमकुवत नव्हतं, जोडलेली जागा दिसत राहायची एवढंच. मत्सरही गेला नाही. मत्सर असा जातो, असं ज्यांना वाटतं त्यांनी तो केलेला नसतो. फक्त झेनोननं त्याला चोरवाटेनं न्यायचं सोडलं. लुद्विकाचा नवा चित्रपट लागला की तो पहिल्या खेळाचं बोलावणं नाकारायचा, आणि नंतर एखाद्या दुपारी कोपऱ्यावरच्या थेटरात स्वतःचं तिकीट काढून मागच्या रांगेत बसायचा. खोट शोधायला. उघड उघड, पैसे मोजून.

एकदा त्याला सापडली. लग्नाच्या मेजवानीचा प्रसंग होता, नवरीच्या बापाच्या हातातला पेला एका तुकड्यात भरलेला आणि लगेच पुढच्यात अर्धा. झेनोन सुटला तो थेट घरी. ट्रामची वाटही बघितली नाही, पाऊल असं पडत होतं की जणू बक्षीस घेऊनच निघालाय. लुद्विका बटाटे सोलत होती. त्यानं टोपीही न काढता सांगून टाकलं.

लुद्विकानं ऐकून घेतलं. "पेला? तो मुद्दाम आहे. दुसरा चांगला तुकडाच नव्हता, नटाचा चेहरा पाहिजे होता, म्हणून पेला जाऊ दिला. पेल्याकडे कोण बघतं? तूच एक बघणार."

झेनोन खुर्चीवर बसला. टोपी काढली.

"खरी चूक शेवटी शेवटी आहे," ती म्हणाली, साल बादलीत टाकत. "अजून रात्री झोप लागत नाही मला त्यापायी. कुणाला दिसली नाही. तुलाही नाही दिसली."

"कुठे?"

"नाही सांगणार."

तो पुन्हा विचारत राहिला, ती हसत राहिली, आणि बटाटे उकळायला लागले तरी तिनं सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी झेनोन कामावरून परस्पर थेटरावर गेला. तिकीट विकणारी बाई त्याला ओळखत होती. कालच पाहिलात ना, म्हणाली.

"पाहिला," झेनोन म्हणाला, "पण नीट नाही पाहिला."